एक्केचाळीस अंश

पद्मिनीने ‘४१’ लिहिलेली कॅसेट यंत्रात सरकवली आणि बटण दाबलं.

“एक्केचाळीस अंश,” अर्लचा जाडाभरडा आवाज म्हणाला.

जमिनीवर कार सीटमध्ये पेंगुळलेली रेणू एकदम ताठ झाली. स्पीकरकडे बघून आठ महिन्यांचं ते बोळकं हसलं.

“काय गं? आवडले आजोबा?” पद्मिनी म्हणाली आणि पुढची कॅसेट घेतली.

स्टेशनचा जुना निवेदक अर्ल जाऊन नऊ वर्षं झाली होती. एकाहत्तर साली, हे रेडिओ स्टेशन नवं असताना, त्याने उणे तीसपासून एकशे दहा फॅरनहाइटपर्यंतचा प्रत्येक आकडा वेगवेगळ्या कॅसेटवर बोलून ठेवला होता. तेव्हापासून ट्रक, घोडे आणि सोडून गेलेल्या बायकांच्या गाण्यांमध्ये दर दहा मिनिटांनी गावाला तापमान तोच सांगत होता. आता नव्या मालकाला सगळं कॉम्प्युटरवर हवं होतं. नोव्हायच्या घरून इथवर तासभर ड्राइव्ह होता, पण बाळाला घेऊन या म्हणणारं दुसरं काम पद्मिनीला मिळालं नव्हतं.

जुन्या टेपची खरखर तिला सहन होईना. सोमवारी तिने सगळ्या फायली सॉफ्टवेअरमधून काढून स्वच्छ केल्या. नाव तेच, जागा तीच, त्यामुळे आधीच्या फायली पुसल्या गेल्या. कॅसेटी त्याआधीच भंगारात गेल्या होत्या.

मंगळवारी लोरेन कॉफी घेऊन आली. अर्लची बायको. चाळीस वर्षं पुढच्या टेबलाशी बसून ती फोन घेत आली होती, दुपारी बाराला रेडिओवर गावातल्या मयतांची नावं वाचत आली होती.

“एक्केचाळीस झालं का गं?”

“झालं की. का?”

“त्यात आमची नोरा आहे.” लोरेनने कप ठेवला. “अर्लच्या मांडीवर बसली होती. तो बोलला आणि ही मागे हसली. त्याच हिवाळ्यात न्यूमोनियाने गेली. मार्चमध्ये पारा तिथे आला की मी हातातलं काम ठेवते. नीट उतरलंय ना?”

पद्मिनीने रेणूचं लाळेरं उगाच सारखं केलं.

“हो,” ती म्हणाली.

लोरेन गेल्यावर तिने कानाला हेडफोन लावून फाइल चारदा ऐकली. अर्ल होता. त्याच्यामागे काहीच नव्हतं. श्वाससुद्धा नाही.

तिने नवऱ्याला, शैलेंद्रला, ऑफिसात फोन लावून सगळं सांगितलं.

“बॅकअप?” त्याने विचारलं.

“नाही घेतला.”

“तू? भाजीच्या यादीच्या दोन कॉपी काढणारी तू?”

“शैलेंद्र, प्लीज.”

“सांगून टाक त्यांना. मशीनची चूक म्हण.”

“तिच्याकडे नोराचा साधा फोटोसुद्धा नसेल रे.”

फोन ठेवून तिने माइक खाली ओढला आणि किल्ल्यांचा जुडगा वाजवला. रेणू खुदकन हसली, एकदाच. तेवढा सेकंद कापून पद्मिनीने तो अर्लच्या आवाजाखाली ठेवला, खूप दूरवरून यावा असा. वर थोडी खरखर घातली. मग सेव्ह केलं.

गुरुवारी छपरांवरचं बर्फ ठिबकू लागलं. खिडकीबाहेरच्या थर्मामीटरवर सकाळी अडतीस होतं, अकराला चाळीस. लोरेनने मयतांची यादी बाजूला सारली, चष्मा काढून डोळे मिटले. पद्मिनी दारात उभी राहिली. रेणू कार सीटमध्ये गाढ झोपलेली.

गाणं संपलं.

“एक्केचाळीस अंश,” अर्ल म्हणाला. मागे कुणीतरी हसलं आणि पुढचं गाणं लागलं.

लोरेनने डोळे उघडले नाहीत. बोटांनी टेबलाची कड चाचपत राहिली. पद्मिनी शब्द जुळवू लागली: लोरेन, माझ्याकडून एक चूक...

“आज ती एकटी नाहीये,” लोरेन म्हणाली.

“म्हणजे?”

“आधी ती हसली, नेहमीसारखी. मग दुसरं कुणीतरी.” तिने चष्मा घातला आणि यादी पुढे ओढली. “बरं झालं. इतकी वर्षं एकटीच होती.”

पद्मिनीने वाकून रेणूचा मोज्यातला पाय मुठीत धरला. झोपेतच रेणूचे ओठ हलले.

बाहेर पारा हलला नव्हता. दहा मिनिटांनी अर्ल पुन्हा बोलणार होता.

तिने रेडिओचा आवाज थोडा वाढवला आणि खुर्ची ओढून लोरेनजवळ बसली.