आरमारात नसलेली होडी

मी एक जुनी होडी आहे. विजयदुर्गच्या किनाऱ्यावर, माडांच्या सावलीत एका कुशीवर पडून असते. मित्रांनो, माझे मालक मुस्तफाचाचा यांच्या वडिलांनी मला फणसाच्या फळ्यांपासून बांधलं. शीड फुगवून मी खाडीतून खारेपाटणला मीठ न्यायची, येताना तांदूळ आणायची. मग पूल झाले, ट्रक आले आणि माझं शीड उतरलं ते कायमचंच.

यंदा किल्ल्याखाली जुन्या आरमाराच्या लढाईचा देखावा ठरला. त्यासाठी प्लायवूडचं गलबत आलं. थर्माकोलच्या तोफा, रंगवलेलं शीड! समुद्राचं पाणी कधी न लागलेल्या त्या गलबताला पोरं कौतुकानं हात लावत होती. माझा नुसता जळफळाट होत होता.

एके सकाळी देखावा बसवणारे हरिश्चंद्र सर चाचांकडे आले.

"मुस्तफा, तुझी होडी माका दी. आरमारातली म्हणान मधोमध उभी करतंय."

माझा जीव सुपाएवढा झाला!

"आरमारातली?" चाचा हसले. "अरे, ही माझ्या बापाशीन बांधल्यान. मी तेव्हा शाळेत जाय होतंय."

"आरमाराच्या वेळची एकय फळी आज उराक नाय. मग पोरांका दाखवू काय?"

"नाटक दाखव. पण तू माइकार सांगतलंस, तर पोरां ता खरा मानतलीत."

सर मला न घेताच परत गेले. मला चाचांचा असा राग आला!

देखाव्याच्या दिवशी सर माइकवर म्हणाले, "हे गलबत आम्ही अंदाजाने बनवलं आहे. खरं कसं होतं, ते आम्हाला पुरतं ठाऊक नाही." तरी टाळ्या त्यालाच! ते मोडून पडावं, असंसुद्धा माझ्या मनात आलं.

संध्याकाळी फातिमाचाची चाचांना म्हणाल्या, "तुमी गप रवला आसतास, तर आज हिचे फोटो निघाले आसते."

चाचांनी माझ्या फळीवर हात ठेवला. "निघाले आसते गो. पण ते हिचे नसते."

मित्रांनो, मी न पाहिलेल्या लढाईत मला उभी करू नका. माझे खरे दिवस चाचांना विचारा. ते आहेत तोवर विचारा. फक्त माझ्याजवळ बसून त्या गलबताचं कौतुक करू नका. तेवढं मला अजून सोसत नाही.