उसवून पुन्हा शिवलेला ग्लोव्ह

मी एक जुना ग्लोव्ह आहे, मित्रांनो. सॉफ्टबॉलमध्ये बॅट घेतलेल्या खेळाडूच्या मागे उकिडवी बसून जी चेंडू अडवते तिला कॅचर म्हणतात. तिच्या डाव्या हातातला उशीसारखा फुगलेला ग्लोव्ह म्हणजे मी. माझ्या अंगाला तेलाचा, घामाचा आणि मातीचा वास येतो. ज्यांना नाक मुरडायचं त्यांनी खुशाल मुरडावं. काम केलेल्या अंगाला वास असतोच.

कारखान्यात चामड्याचे तुकडे कापून, पोटात भरण घालून, वादीने आवळून मला शिवलं आणि एका शाळेच्या खेळाच्या कपाटात आणून टाकलं. तिथे मऊ पडलेले चेंडू आणि तुटके स्टूल यांच्याबरोबर मी दोन वर्षं काढली. शाळेत कॅचरचा ग्लोव्ह मी एकटाच. एके दिवशी खेळाच्या सरांनी कपाट उघडलं, समोर उभ्या असलेल्या अकरा वर्षांच्या पोरीला म्हणाले, "ए, तू बस मागे," आणि तिच्या डाव्या हातात मला कोंबलं.

पोरगी डावखुरी होती. लिहायची डाव्याने, दगड मारायची डाव्याने. पण डावा हात माझ्यात अडकला, म्हणजे चेंडू फेकायचा उजव्याने. तिचा पहिला चेंडू थेट सायकलींवर जाऊन आदळला.

"होईल सवय," सर म्हणाले. झालं, विषय संपला.

तिच्या आईचं इस्त्रीचं दुकान होतं. आईने शाळेच्या दोनच इयत्ता पाहिल्या होत्या, पण तोंड मात्र पदवीधर. नवा ग्लोव्ह मऊ व्हावा म्हणून त्यात चेंडू ठेवून, चिंधीने बांधून तो गादीखाली दाबायचा असतो. पोरीने मला स्वतःच्या गादीखाली ठेवलं, तर आई म्हणाली, "तुझं वजन ते केवढं गं? त्याला गुदगुल्यासुद्धा व्हायच्या नाहीत. आण इकडे." महिनाभर ती माउली माझ्यावर झोपली आणि रोज सकाळी कंबर धरून माझा उद्धार करत उठली. माझ्या तळव्यातला खळगा तिच्या कंबरेने घडवला आहे.

पोरगी रोज दुकानामागच्या भिंतीवर उजव्या हाताने चेंडू मारत बसायची. हात सुजायचा, आई इस्त्रीने तापवलेली कपड्याची घडी शेकायला द्यायची. चार वर्षांत हात वळला. मग मात्र तिच्यामागे चेंडू म्हणून जाईना. मुली तिलाच 'भिंत' म्हणू लागल्या. तेव्हा माझा तोरा बघायला हवा होता. मला वाटायचं, हिला घडवली ती मीच.

शाळा सोडताना सरांनी मला तिलाच देऊन टाकलं. पुढे देशाच्या संघाची निवड होती तेव्हाची गोष्ट. समोरच्या संघाची मुलगी पहिल्या बेसवरून, म्हणजे धावताना पाय टेकायच्या पहिल्या चौकोनावरून, दुसऱ्याकडे पळाली; तिच्या आधी चेंडू तिथे पोहोचला तरच ती बाद. मी चेंडू पकडला, भिंतीने तो उजव्या हातात घेतला, फेकला. पापणी लवायला लागतो तेवढाच उशीर झाला. निवड करणारे आपसात म्हणाले, "पकडते छान, पण हात उशिरा सुटतो." तिने ते ऐकलं. मला पुसून पिशवीत ठेवलं.

पुढे नऊ वर्षं ती खेळली. गुडघ्याने रामराम ठोकल्यावर एका कॉलेजने तिला कोच म्हणून बोलावलं. मैदानात गवतापेक्षा दगड जास्त, बसायची खोली झाडू ठेवायची. पहिला महिना तिने चेंडू हातात घेऊच दिला नाही, मुलींबरोबर दगड वेचले. पहिली तीन वर्षं संघ हरत होता. तिची मान कधी खाली गेली नाही, आवाज कधी चढला नाही. नियम एकच होता. खेळ संपला की आधी ग्लोव्ह पुसायचा, मग पाणी प्यायचं. चौथ्या वर्षी संघ जिंकला, आणि त्या दिवशीही मुलींनी आधी ग्लोव्ह पुसले. मी पुष्कळ कोच पाहिले, मित्रांनो. शिट्टीने मोठे झालेले खूप. वागण्याने मोठी झालेली ही एकच.

नव्या कॅचरला पहिला आठवडा मलाच घालायला द्यायची तिची पद्धत होती. अशीच एक हडकुळी मुलगी आली. सगळ्या तिला काडी म्हणत. काडीने मला घातलं, चेंडू उत्तम पकडला आणि उजव्या हाताने कुंपणावर भिरकावला.

कोच जवळ आली. "लिहितेस कुठल्या हाताने?"

"डाव्या." काडी घाईने म्हणाली, "पण तुम्ही शिकलात ना ताई? मी पण शिकेन. मला काढू नका, मला मागेच बसायचंय."

"मी शिकले, कारण मला कुणी विचारलं नाही. तुला मी विचारतेय."

डावखुऱ्या कॅचरसाठी उजव्या हातात घालायचा ग्लोव्ह लागतो. दुकानदार म्हणाला, असला कुणी मागत नाही, म्हणून कुणी ठेवत नाही. स्पर्धा महिन्यावर आली होती. कोच मला घेऊन बॅगा शिवणाऱ्या काकांकडे गेली.

काकांनी मला उलटसुलट केलं. "याचे तुकडे सुटे केले तर ते नव्या चामड्यावर पालथे ठेवून दुसऱ्या हाताचा कापता येईल. पण याचं चामडं जुनं आहे, ताई. परत शिवल्यावर हा असाच बसेल, याची खात्री मी देणार नाही."

ती मला घरी घेऊन आली. मांडीवर ठेवून बसून राहिली. आई आता म्हातारी झाली होती, तोंड मात्र तरुणच.

"कसला विचार करतेस? कंबर माझी मोडली होती त्याच्यापायी, तुझी नाही," ती म्हणाली. मग हळू आवाजात, "तेव्हा सरांनी विचारलं नाही. मीही नाही विचारलं. दे त्याला उसवायला."

तेव्हा मला कळलं. ज्याचा तोरा मी आयुष्यभर मिरवला, तो काय होता? तिचा चांगला हात मी इतकी वर्षं पोटात कोंडून ठेवला होता. काकांची आरी माझ्या वादीत शिरली तेव्हा मी हूं की चूं केलं नाही.

नवा ग्लोव्ह तयार झाला. मैदानावर कोचने तो आधी स्वतःच्या उजव्या हातात घातला आणि पहिल्यांदाच डाव्याने दुसऱ्या बेसकडे चेंडू फेकला. तो अर्ध्या वाटेतच पडला. ती हसली, ग्लोव्ह काढून काडीला दिला. काडीने डाव्या हाताने फेकलेला चेंडू सरळ रेघ ओढावी तसा गेला. कोच त्या रेघेकडे कितीतरी वेळ बघत होती.

मला पुन्हा शिवलंय, पण खळगा जरा वाकडाच बसला. आता मी खोलीत खुंटीवर असतो. माझ्यावरून आणखी दोन ग्लोव्ह कापले गेले.

मित्रांनो, वस्तू उन्हात टाकू नका, पुसा, तेल लावा, वादी सैल झाली तर आवळा. आणि कुणाच्या हातात काही देण्याआधी, तो कुठला हात पुढे करतो तेवढं बघा.