बिनदुधाचा गोड पाव

आमच्या मालकांना दूध बंद झालं, तेव्हा घरात सुतक आल्यासारखं झालं. हसू नका. ज्या माणसानं तालमीत पाण्यापेक्षा दूध जास्त रिचवलं, त्याला कालचं पोर असलेला डॉक्टर सांगतो, "आजोबा, दूध, दही, ताक, लोणी, तूप, पनीर, सगळं बंद. तुमच्या आतड्यांना ते आता चालायचं नाही." पनीर आमच्या घरात कुणाच्या बापानं पाहिलं होतं? पण बाकीची नावं ऐकून मालकांनी भिंतीकडे तोंड केलं, ते केलंच.

कोंडिबा पैलवान म्हणत त्यांना. साताऱ्याकडच्या आमच्या गावातून मुंबईला आले ते मशीद बंदरच्या धान्य बाजारात पोती उचलायला. पुढं बाजार खाडी ओलांडून इकडं वाशीला आला, तसे आम्हीही जुईनगरला सिडकोच्या इमारतीत राहायला आलो. पाठीवर पोतं घेऊन चालले की हमालांची अख्खी टोळी बाजूला व्हायची. त्या पाठीचे आता मणके मोजता येत होते. आतड्यांचा आजार बरा झाला होता, पण खाणं परत येत नव्हतं. भात पुढं केला की "आजाऱ्याचं खाणं" म्हणून ताट सरकवायचे. पेज दिली की "मेल्यावर तोंडात घाल". डॉक्टरानं बजावलं होतं, पोटात अन्न गेलं नाही तर परत दवाखान्यात आणा, नळीनं घालू. मी मनात म्हटलं, नळी घालायला ही काय पाण्याची टाकी आहे?

घरात दिवसभर आम्ही दोघंच. मुलगा धनाजी ट्रक घेऊन द्रोणागिरीच्या गोदामांकडे जायचा, सून राजलक्ष्मी रबाळ्याला कंपनीत. शेजारी साबिरा. ती उरणकडची, नवरा दुबईला. माणसं म्हणायची, तुमचं दोघींचं कसं जमतं? जमतं, कारण ती माझ्याइतकीच तोंडाळ आहे.

एक दिवस साबिरा मालकांना बघायला आली. मी आत डाळ निवडत होते.

"पैलवानभाऊ, काय खावंसं वाटतं सांगा. मी करून आणते."

ह्यांनी भिंतीकडचं तोंड तिच्याकडं फिरवलं. मग म्हणाले, "वाटतं एक. पन ते ह्या घरात बनायचं न्हाय."

"काय?"

"इराण्याचा टोस्ट. अंड्यातला. गोड."

माझ्या हातातलं सूप थांबलं.

ह्या टोस्टाचं जुनं रामायण आहे. लग्न होऊन मुंबईत आले तेव्हा डोंगरीला आम्ही एका खोलीत चार जोडपी राहत होतो, मध्ये साड्यांचे पडदे. पगाराच्या दिवशी हे कागदात गुंडाळून काहीतरी आणायचे. मऊ, गोड, लोण्यात भाजलेलं, वरनं साखर करपून कडक झालेली. पडद्याआड मला देऊन दबक्या आवाजात म्हणायचे, "गोड पाव हाय. खा." मी खायची. गावाकडं आमच्या दारात म्हैस होती, पण असं काही मी खाल्लं नव्हतं. बोटंसुद्धा चाटायची. माझा बाप माळकरी. आमच्या घरात अंडं हा शब्दसुद्धा कुणी उंबऱ्याच्या आत उच्चारत नसे.

मग एकदा हे मला हौसेनं त्या इराण्याकडं घेऊन गेले. फॅमिली रूमच्या फटीतून मला भटारखाना दिसला. बघते तर आचाऱ्यानं अंडं फोडलं, दूध ओतलं, फेटलं, त्यात पाव बुडवला. मी उठले, पदर खोचला आणि थेट रस्त्यावर. हे मागनं धावत आले. भर बाजारात मी जे बोलले ते लिहिण्यासारखं नाही. दोन हमालांनी डोक्यावरची पोती खाली ठेवून ऐकलं. त्या दिवसापासून कागदाची पुडी घरात आली नाही आणि अंड्याचा मी वाससुद्धा घेतला नाही. मुला-सुनेसाठी अंड्याचा तवा वेगळा, तो गॅलरीत, आणि तो तापवायचा सुनेनं.

आता हा माणूस जगातलं सगळं सोडून नेमकं तेच मागत होता. आणि माझ्याकडं नाही, साबिराकडं.

ती गेल्यावर मी पदराला हात पुसले, गॅलरीतनं तवा आत आणला आणि खाली जाऊन बेकरीवाल्याला विचारलं, "पावात दूध घालतोस का रे?"

"मावशी, दूध घालून परवडेल का? पाणी आणि देवाचं नाव."

"मग देवाचं नाव घेऊन स्लाइसचा पुडा दे. आणि एक अंडं."

"एकच?"

"कोंबडी विकत घेऊ का?"

अंडं फोडायला लागले तर निम्मं ओट्यावर. हातात ते बुळबुळीत घेऊन मी बापाच्या फोटोकडं पाठ केली. दुधाऐवजी पाणी घातलं, साखर घातली, वेलदोडा कुटून टाकला, लोण्याऐवजी शेंगदाण्याचं तेल. केलं आणि बशी मालकांपुढं आदळली.

मालक बशीकडं बघत राहिले. मग माझ्याकडं. अंडं कुणी फोडलं हे विचारायची त्यांची छाती झाली नाही. एक घास घेतला.

"काय?"

"ऑम्लेट पाव हाय. साखर पडलेला."

बशी परत. पण एक घास गेला होता. दवाखान्यातनं आल्यापासून मागून खाल्लेला पहिला घास.

दुसऱ्या दिवशी साबिरा नारळाचं दूध घेऊन आली, ताजं पिळलेलं. "ह्यात कर वयनी. आमच्याकडं गोडाधोडात हेच असतं." मी पाव त्यात बुडवला. रंग छान आला, दाटपणाही आला. मी खुशीत बशी नेली.

मालकांनी वास घेतला आणि पांघरुणाखाली डोकावून बघितलं.

"काय शोधताय?"

"मासा. कालवणातला मासा कुठं पडला ते बघतोय."

दारात साबिरा हसून हसून खाली बसली. मला मात्र रडू फुटायच्या बेतात होतं, म्हणून मी तिच्यावरच खेकसले, "दात काय काढतेस? देशावरच्या माणसाला नारळाची अक्कल कुठनं यायची!"

"अगं बाय, पण दूध नाही तर दुधासारखं तरी काय उरलं?" ती म्हणाली.

दुधासारखं. मी फळीकडं बघितलं. टोळीतला गोटीराम मालकांना बघायला आला होता, त्यानं बदामाची पुडी आणली होती. "पैलवान, थंडाई घ्या, महिन्यात उभे राहता." त्या बिचाऱ्याला दूध बंद झाल्याचं कुठं माहीत? मालकांनी पुडीला हातही लावला नव्हता. थंडाई म्हणजे तालमीचं दूध. लग्न ठरलं तेव्हा माझ्या चुलत्यानं हेच कौतुक सांगितलं होतं, पोरगा थंडाईवर वाढलाय. पांढराशुभ्र पेला मी पाहिला होता. तो कसा होतो ते नव्हतं पाहिलं. तालमीत बाईमाणूस जात नाही, ओसरीवरनंसुद्धा नाही.

म्हटलं, बदामच तर आहेत. चटणी वाटतो तसे वाटायचे. सकाळी सगळे गेल्यावर मूठभर बदाम मिक्सरात टाकले, सालासकट, कोरडे, आणि बटण फिरवलं. घरघराट सुरू झाला.

"काय दळतीस?" आतनं आवाज आला.

"बदाम!"

मग खाट करकरली.

"बंद कर! बंद कर ते!"

मी बटण बंद केलं. स्वयंपाकघराच्या चौकटीला धरून मालक उभे. लुंगी एका हातात, केस उभे. दवाखान्यातनं आल्यापासून मोरीपर्यंत जायलाही ह्यांना माझा खांदा लागायचा, आणि आता हे स्वतःच्या पायावर इथवर आले होते.

"बदाम वाटत्यात व्हय? बदाम घोटत्यात! वस्तादानं बघितलं असतं तर पाठीत सोटाच घातला असता. भिजवलेस? न्हाय. साल काढलीस? न्हाय. बदाम हाय का भुईमूग?"

"मग मला काय ठाऊक? तुमच्या तालमीत मला कुणी घेतलं होतं का?"

"कुंडी कुठं हाय माझी?"

तालमीतली ती घोटायची कुंडी गावाहून आणलेली, इथं कधीच न वापरलेली, काळ्या दगडाची, बैलासारखी जड. गॅलरीत होती. राजलक्ष्मीनं त्यात ओव्याचं झाड लावलं होतं. तिच्यात घोटायचा कडुलिंबाचा सोटा तर मी कपडे धोपटायला घेत होते. मालकांनी सोट्याकडं बघितलं, मग त्यावरच्या साबणाकडं, आणि नुसतेच "अरारारा" म्हणाले.

मी ओवा उपटून वनस्पती तुपाच्या रिकाम्या डब्यात लावला. कुंडी घासली, राख लावून, गरम पाण्यानं. पुडीतले आणखी मूठभर बदाम गरम पाण्यात पडले. साली काढताना मालकांची बोटं भराभर चालत होती, चमचा धरताना कापायची तीच बोटं. मग भिंतीला पाठ टेकून मांडी घातली, कुंडी पायात धरली आणि सोटा फिरवायला लागले. हळू. एकाच दिशेनं.

"दूध कधी घालायचं?" मी विचारून गेले आणि जीभ चावली.

"मागनं पडायचं दूध. आधी पान्यात घोटायचं. उन्हाळ्यात म्हशी आटल्या की वस्ताद नुसतं हेच द्यायचा. चैती जत्रंतली कुस्ती मी ह्याच्यावरच मारली."

"म्हंजे दुधाशिवाय?"

सोटा थांबला. मालक कुंडीत बघत राहिले. थेंब थेंब पाणी पडत होतं, आणि त्या काळ्या दगडात पांढरं काहीतरी दाटून येत होतं.

"दुधाशिवाय," ते म्हणाले.

"आणि भिंतीकडं तोंड करून पडला होतात ते कशासाठी? इतकी वर्षं माझ्यापुढं दुधाचा डंका पिटलात. मी आपली उठून पहाटे भय्याकडं रांग लावायची."

"बोल, बोल. इराण्यापुढं बोललीस तसं बोल."

मी वाटी पुढं केली.

अर्धी वाटी निघालं, दाट, रेशमासारखं. एक अंडं, ह्या वेळी नीट फुटलं. साखर, वेलदोडा, मिठाचा कण. दोन स्लाइस बुडवून ठेवल्या, नीट पिऊ दिल्या. तवा तापल्यावर तेल, आणि उतरवताना वरनं साखर भुरभुरवून परत उलटवल्या. साखर करपली, आणि एकदम डोंगरीची खोली आली नाकात. साड्यांचे पडदे, पडद्यापलीकडचा कुणाचा तरी खोकला, आणि माझ्या हातातला गरम कागद.

मालकांनी खाल्लं. कडेची करपलेली साखर आधी, मग मधलं मऊ. मी समोर उभी राहून, चाखायची सोय नाही म्हणून, त्यांच्या तोंडाकडं बघत होते. बशी रिकामी झाली तेव्हा बोट फिरवून चाटलं.

"इराण्याचा?" मी विचारलं.

"इराण्यानं घोटला असता का असा?"

संध्याकाळी राजलक्ष्मी कामावरनं आली. "आत्या, माझा ओवा डब्यात कुणी लावला?" "तुझ्या सासऱ्याला विचार," मी म्हटलं, "त्यांची तालीम सुरू झालीय."

दिवे लागल्यावर मी भाकरी थापत होते. आतनं हाक आली, "बदाम भिजत घातलेस का?"

"तुमचे तुम्ही घाला. हात काय भाड्यानं दिलेत?"

खाट करकरली. मालक भिंत धरत आले, फळीवरची पुडी काढली आणि पातेल्यात बदाम ओतले. मूठभर, वर आणखी मूठभर.

"एवढे कुणाला? एका माणसाचं खाणं ते."

ते पातेल्यात पाणी ओतत राहिले. माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही.

"तुला. अंडं न घालता कर. नुसतं बदामात बुडीव." मग त्या जुन्या, पडद्याआडच्या आवाजात, "गोड पाव. ह्या वेळी खरंच."

तव्यावरची भाकरी त्या दिवशी करपली. मालकांनी ती तशीच मागून खाल्ली.