पाहुणा शिक्का

मित्रांनो, मी एक जुना पितळी शिक्का आहे. असेन अंगठ्याएवढा, पण एके काळी दारूबंदी खात्याच्या कचेरीत माझ्याशिवाय पान हलत नसे. एका कारागिराने तीन दिवस खपून माझ्या तोंडावर उलटी अक्षरे कोरली. मला इतक्या गुदगुल्या झाल्या की विचारू नका.

साहेब छापा घालत. संशयाची दारू सापडली की तिचा नमुना बाटलीत भरत, बुचावर दोरा बांधत, त्यावर गरम लाख ओतत आणि मला दाबत. चटका बसायचा, पण ऐट काय वर्णावी! मग बाटली प्रयोगशाळेत जाई, आणि मी मात्र पाहुणचाराला. साहेबांना झडतीचा अधिकार होता, माल जप्त करण्याचाही होता. मला जवळ ठेवण्याचा नव्हता. बंद बाटली कोणी गुपचूप उघडून पुन्हा बंद करू नये, म्हणून निकाल येईपर्यंत मी पंचांकडे, म्हणजे साक्षीला उभ्या राहिलेल्या शेजाऱ्याकडे, राहायचे असा नियम होता. शिंप्याच्या बटणांच्या डब्यात राहिलो, मास्तरीणबाईंच्या खडूंशेजारी राहिलो. एका न्हाव्याने तर मला रोज आरशासमोर बसवले.

मग नवे साहेब आले. माणूस सज्जन, पण भारी घाईचा. कोणीतरी वासाची तक्रार केली म्हणून ते व्हिनेगरवाल्या काकूंच्या घरी थडकले. तिथे लाकडी पिंप होते. त्यातले आंबवण सासूबाईंच्या हातचे, तीस वर्षे जपलेले.

"अहो, नीट वास तरी घ्या! व्हिनेगर आहे ते," काकू कळवळून म्हणाल्या.

"ते प्रयोगशाळा सांगेल, काकू."

नमुना घेतला, पिंपाला कुलूप ठोकले. पंच होता शिंपी. त्याने हात पुढे केला. "साहेब, शिक्का माझ्याकडे द्यायचा ना?"

"राहू द्या हो, उद्या परत लागणारच आहे," म्हणत साहेबांनी मला खिशात टाकले.

दुसऱ्या दिवशी कचेरीत बाटल्यांची पेटी आपटली. दोन बाटल्यांची लाख फुटली, नावांच्या चिठ्ठ्या गळून पडल्या. एक बाटली काकूंची, दुसरी खऱ्याखुऱ्या दारूची. साहेबांनी अंदाजाने चिठ्ठ्या बांधल्या, लाख ओतली आणि मला दाबले. "अदलाबदल झाली हो!" मी जीव तोडून ओरडलो, पण पितळेचे कोण ऐकतो?

अहवाल आला: काकूंच्या बाटलीत दारू. खटला उभा राहिला. आता काकूंना तुरुंग आणि पिंप गटारात. मला फार अपराधी वाटले, कारण त्या बाटलीवर तोंड माझेच होते.

कोर्टात न्यायाधीशबाईंनी साहेबांना विचारले, "नमुना प्रयोगशाळेत पोचेपर्यंत शिक्का कुणाकडे होता?"

साहेबांनी खिसा चाचपला. एक थाप मारली असती तर त्यांची मान सुटली असती. मी खिशात श्वास रोखून होतो.

"माझ्या खिशात होता, बाई," ते म्हणाले. "लाख फुटली, ती मीच पुन्हा लावली. चिठ्ठ्याही मीच बांधल्या, अंदाजानं."

"झडती घ्यायचा अधिकार तुम्हाला आहेच," बाई म्हणाल्या. "पण शिक्काही तुमच्याच खिशात राहिला, तर या बाटलीवर मी विश्वास ठेवू कशाच्या जोरावर?"

काकू सुटल्या! साहेब स्वतः कुलूप काढायला गेले. झाकण उघडताच असा झणका आला की त्यांना लागोपाठ पाच शिंका आल्या.

"झाली ना तपासणी?" काकू म्हणाल्या, आणि सगळे पोट धरधरून हसले. साहेबसुद्धा.

महिन्याभराने पलीकडच्या गल्लीत छापा पडला. बाटलीवर मला दाबून झाल्यावर साहेब पंचांकडे वळले. गर्दीतून काकू बाह्या सारत पंच म्हणून पुढे आल्या होत्या. "आणा इकडे. या खेपेला पाहुणा माझ्या घरी."

साहेबांनी हसून मला त्यांच्या तळहातावर ठेवले आणि पोच म्हणून त्यांची सही घेतली. घरी नेऊन काकूंनी मला त्याच व्हिनेगरने मीठ लावून घासले. वर्षानुवर्षांची काजळी उतरली आणि मी नव्या नवरदेवासारखा चमकू लागलो.

आता मी म्हातारा झालो आहे, कपाटात आराम करतो. पण मित्रांनो, उद्या तुमच्याही हाती कसला ना कसला शिक्का येईल. तो खुशाल ऐटीत उमटवा. काम झाले की मात्र खिशात टाकू नका, शेजाऱ्याच्या हाती द्या. माझी काजळी साहेबांच्या खिशात नाही उतरली, काकूंच्या घरी उतरली.