झुमादिलच्या घोड्याची शेपटी

बीटाची खुरपणी अर्ध्यावर टाकून मुकाशनं आम्हा बायांना शेताबाहेर काढलं. मुकाश आमच्या सामुदायिक शेतीचा प्रमुख, एक पाय लढाईत ठेवून आलेला.

"हात धुवा गं जरा! रणगाडा आलाय."

रणगाडा कसला! बैलगाडीवर फळकुटं ठोकून हिरवा रंग फासलेला, तोफेच्या जागी चुलीचं धुराडं. जिल्ह्याहून आलेला एक कातडी कोटवाला भोंग्यातून ओरडत होता, "लढाईसाठी द्या! जी आई देईल, तिच्या पोराचं नाव खऱ्या रणगाड्यावर लागेल!" बाया कानातली चांदी काढून फळकुटाच्या भोकात टाकत होत्या.

आयमकान वैनीनं झुमादिलचा घोडा आणला. झुमादिल तिचा एकुलता एक, आणि पाच महिने आघाडीवरून त्याचं पत्र नव्हतं. तो गेल्यापासून त्या घोड्यावर तिनं कुणाला बसू दिलं नव्हतं.

"वैनी, घोडा नगं गं दिऊस," मी म्हणाले. "त्यो आल्यावर काय सांगशील?"

"यायला तर पायजे, सोनुन! नाव लिवलं म्हंजी त्यांच्या लेखी त्यो जिता हाय. मेल्याचं नाव कोण लिवतंय व्हय गाडीवर?"

कोटवाल्यानं फळकुटावर खडूनं नाव लिहिलं. वैनीनं ते माझ्याकडून दोनदा वाचून घेतलं आणि घोड्याला शेवटचं पाणी पाजायला बादली आणायला गेली.

कोटवाल्याला फोटो काढायचा होता, आणि घोड्याच्या शेपटीत गोखरूचे काटे अडकलेले. शहरातला माणूस तो. त्यानं कात्री काढली आणि शेपटी पार आखूड करून टाकली.

आमच्यात मालक मेला, की मगच घोड्याची शेपटी कापतात.

मुकाश कुबडी आपटत धावत आला. शेपटी बघून तो पांढराफटक पडला.

"तुला कुणी सांगितलं रं?" तो कोटवाल्यावर ओरडला. "कागद तर माज्या खिशात हाय! आजचा दिस पार पडूस्तवर बोलनारच नव्हतो मी!"

"कसला कागद?" कोटवाला म्हणाला. "मी गोखरू काढत होतो."

मागे बादली पडली. वैनी उभी होती.

"कवा आला कागद?"

मुकाशला तिच्याकडे बघवेना. "चौदा दिस झालं, वैनी."

"चौदा दिस तू माज्या घरी च्या पीत हुतास, मुकाश."

एवढंच बोलून तिनं डोक्याचा रुमाल ओढून काढला, आणि आम्ही सगळ्याजणींनी हंबरडा फोडला. कोटवाल्यानं तेवढ्यात फोटो काढला.

मी मुकाशला म्हणाले, "घोडा तरी ऱ्हाऊ दे. मेल्याच्या वर्साला त्योच कापून गावाला जेवू घालायचं असतंय, तुला ठावं न्हाई?"

"दिला त्यो दिला, सोनुन. आता माज्या हातात काय बी न्हाई." तो रडत होता, तरी मला त्याची कीव आली नाही.

गाडी निघाली. मागे बांधलेला घोडा सारखा मान वळवून बघत होता. वैनी खाली बसून मातीतून शेपटीचे केस वेचत होती, मी तिच्याजवळ उभी होते.

कालव्यापाशी गाडी थांबली. कोटवाल्यानं पाण्यात फडकं बुडवलं आणि फळकुटावरचं नाव पुसायला लागला. पुढच्या गावासाठी जागा मोकळी हवी होती.

वैनीनं डोळे बारीक करून तिकडे बघितलं. "काय करतोय गं त्यो?"

"काय न्हाई, वैनी," मी म्हणाले. "नाव ठळक करतोय."