घुंघटाच्या आतून

पुण्याहून फिल्मचं शिक्षण घेऊन आलेल्या चेलनाला वाटायचं, बघावं कसं ते आपल्यालाच कळतं. जळगावच्या घरात सुगनबाई काकी आहे, हे ती विसरलीच होती म्हणा ना!

तिला घुंघटाआडच्या बाईवर फिल्म करायची होती. गोष्ट नाही, संवाद नाहीत, नुसतं बघणं. काकी अडतीस वर्षं थोरल्या दिरांसमोर, म्हणजे चेलनाच्या वडिलांसमोर, चेहरा झाकून वावरलेली. त्यांच्याशी थेट बोलणंही नाही. चेलना म्हणाली, "काकी, तुझा चेहरा घेते."

"माझ्या चेहऱ्यात काय ठेवलंय? मला काय दिसतं ते घे की."

आणि या बाईने खरंच इवलासा कॅमेरा ओढणीच्या आत कपाळाला बांधून घेतला, दिरांना सकाळचा चहा नेऊन दिला आणि कॅमेरा परत केला.

चेलना ते बघायला बसली अन् थक्क झाली. सगळं लालसर, धूसर. फरशी, पावलं, कपबशी. आणि वडिलांचा उजवा हात. तो थरथरत होता. घुंघटातल्या बाईला काय दिसतंय, असं समजून वडिलांनी, निर्मलकुमारांनी, तो डाव्या हाताने दाबून धरला होता. दुकानात कापड कापायचं काम त्यांनी चष्म्याचं निमित्त करून मुलावर सोपवलं होतं, ते उगाच नव्हतं तर! काकीने मात्र कप अर्धाच भरला होता, सांडू नये म्हणून.

"वर्ष झालं," काकी म्हणाली. "मी कुणाला बोलले नाही."

चेलनाला हा तुकडा सोडवेना. फिल्मचा जीवच तो. आणि रविवारी सगळं घर फिल्म बघायला जमणार होतं.

"दिसलं म्हणून ते आपलं होत नाही, बेटा," काकी म्हणाली. "आधी त्यांना एकट्यांना दाखव. नको म्हणाले तर कापून टाक."

चेलनाने तो वडिलांना एकट्यांना दाखवला. चोरून घेतलंय, हेही सांगितलं.

निर्मलकुमारांनी तो तुकडा दोनदा पाहिला. "रोज अर्धा कप," ते म्हणाले. "मला वाटायचं, त्यांचा हातच आखडता. तुझ्या आईजवळ कुरकुरलोसुद्धा." मग त्यांनी डावा हात बाजूला घेतला. उजवा मांडीवर थरथरत राहिला, तो त्यांनी तसाच राहू दिला.

"दाखवू ना, पप्पा?"

"दाखव. पण नाव त्यांचं लाव. बघितलं त्यांनी, तू नाही."

चेलनाने दिग्दर्शक म्हणून लिहिलेलं स्वतःचं नाव खोडलं आणि तिथे सुगनबाई लिहिलं.