पंच्याहत्तर पापण्या

"कुणाचा विश्वास बसणार नाही, पण एका बुधवारी मी टीव्हीवरच्या एका अख्ख्या कुटुंबाला पापणी लवू दिली नाही," मी म्हणालो आणि मठ्ठ्याचा पेला खाली ठेवला.

चाकणजवळच्या त्या अंगणात बाळाजीच्या निवृत्तीचं जेवण नुकतंच उरकलं होतं. बाळाजी माझा शाळेतला दोस्त. पस्तीस वर्षं कंपनीत प्रेस मशीनवर उभा राहिला. गळ्यात अजून सत्काराचा हार. मी चिंचवडला लग्नाच्या कॅसेटी जोडता जोडता मुंबईच्या मालिकांचा एडिटर झालो. तीस वर्षं दुसऱ्यांचं रडणं कापलं. आता नातवंडांच्या वाढदिवसाचे व्हिडिओ कापतो, तेही लांबले म्हणून बोलणी खातो.

"झालं का सुरू, मधूकाका?" बाळाजीची पुनम म्हणाली.

"ऐक तर. अठरा वर्षांपूर्वी तुझ्या बापाला मी मालिकेत घुसवला. कुरिअरवाला. एकच वाक्य, 'सही करा, वहिनी.' हा गडी आठवडाभर मशीनपुढे तेच म्हणत होता. शेवटी शेजारचा कामगार वैतागून खरंच सही करून गेला."

बाळाजी हसला.

"भाग तयार झाला तर एकवीस सेकंद जास्त. आणि हा दारात उभा, तोही बरोबर एकवीस सेकंद. निर्माता म्हणाला, कुरिअरवाला उडवा. म्हटलं, साहेब, त्याच्या आईने आळीभर निरोप धाडलेत. माझा हात चालायचा नाही."

"मग?"

"एका सेकंदात पंचवीस चित्रं असतात. पापणी लवायला लागतात सात. मी नायिकेच्या, सासूच्या, सासऱ्याच्या मिळून पंच्याहत्तर पापण्या उचलून टाकल्या. एकवीस सेकंद मोकळे. बाळाजी वाचला. दुसऱ्या दिवशी वाकडच्या एका डोळ्यांच्या डॉक्टरचा चॅनेलला फोन. म्हणे, सासूबाईंना आधी घेऊन या."

अंगण हसलं. पुनमने बापाकडे पाहिलं. "खरं का, आबा?"

"तर काय. लई झ्याक दिसलो व्हतो," बाळाजी हारातलं एक फूल सरळ करत म्हणाला. माझ्याकडे मात्र त्याने पाहिलं नाही. त्या बुधवारनंतर त्याने मला त्याविषयी एकदाही विचारलं नव्हतं.

पलीकडे खुर्चीत त्याची आई, गवरामावशी, इतका वेळ डोळे मिटून बसली होती. मला वाटलं, झोपली.

"मधू," ती म्हणाली, "चाळीस माणसं बसली व्हती माज्या घरात. च्याला कप पुरलं न्हाईत. बेल वाजली, ती बाई दार उघडाया उठली, अन् लगीच पुडकं तिच्या हातात. मधी माजा बाळाजी कुटं व्हता रं?"